निसर्गाच्या शिडीत केलेली दुरुस्ती

३ फेब्रुवारी, सोमवार
आजपासून रोजनिशी. थोर माणसं लिहितात म्हणे.
लेक कॉलेजात जीवशास्त्र शिकवते, एका वर्षाच्या बोलीवर. पंधरा तारखेला तिचं विज्ञान प्रदर्शन आहे. ते नीट पार पडलं तर विभागप्रमुख मॅडम तिला कायम करणार. त्यासाठी सहा फुटी डीएनए हवाय. म्हणाली, बाबा, पीळ घातलेल्या शिडीसारखा असतो. शिडी! तीस वर्षं दुसरं काय करतोय मी? आपल्या दुकानातून शिडी नेलेलं एकही गिऱ्हाईक तक्रार घेऊन परत आलेलं नाही. (ही म्हणते, पाय मोडल्यावर येणार कसं? संकल्प: बायकोच्या बोलण्याकडे लक्ष द्यायचं नाही.)

४ फेब्रुवारी
लेकीने चित्र काढून दिलं, वर एक पुस्तक. संकल्प: रोज दहा पानं.

५ फेब्रुवारी, दुपार
अर्धं पान वाचलं. सगळं कळलं. दोन बाजूंना दोन दांडे, साखर आणि फॉस्फेट आळीपाळीने जोडून केलेले. मध्ये पायऱ्या. प्रत्येक पायरी दोन तुकड्यांची. तुकडे चारच प्रकारचे: ए, जी, टी, सी. पैकी ए आणि जी मोठे, टी आणि सी लहान. संपलं! एवढ्यासाठी लोक पीएचडी करतात.
चित्राची गरज उरली नाही. घडी करून टेबलाच्या पायाखाली सारलं. टेबल डुगडुगायचं थांबलं.

७ फेब्रुवारी
तुकडे कापले. चार रंग दिले. पण एक गोष्ट सकाळपासून डोक्यात. पुस्तकात दर पायरीला एक मोठा, एक लहान. म्हणजे वरपासून खालपर्यंत रुंदी सारखी. अहो, कुठलाही शिडीवाला सांगेल, खाली रुंद आणि वर अरुंद असेल तरच शिडी ठाम उभी राहते. निसर्गाला अनुभव कमी पडला असावा. दुरुस्ती करतोय: खाली मोठ्याला मोठा, वर लहानाला लहान. कोणाला सांगणार नाही. बघतील तेव्हा थक्क होतील.

८ फेब्रुवारी
लेकीचा फोन. म्हणाली, बाबा, पायरीचे मधले सांधे कच्चे ठेवा, नुसतं चुंबक लावा. कच्चे! हा शब्द आमच्या दुकानात आजवर कोणी काढला नव्हता. हो म्हटलं. पोरीचं मन कशाला मोडा?
सरस लावला. वर दोन-दोन स्क्रू.

१० फेब्रुवारी
दांड्यांसाठी प्लॅस्टिकचे पाइप गरम करून पिळले. पीळ झकास. एक पाइप जळाला, पण तो मुळातच हलक्या दर्जाचा होता. दहा पानांचा संकल्प तूर्त स्थगित, हात गुंतलेत.

१२ फेब्रुवारी
काम फत्ते. गदागदा हलवून पाहिलं, ढिम्म हलत नाही. ही म्हणाली, खाली हत्ती, वर मुंगी. कौतुकच असावं. लेक आभार मानेल तेव्हा काय बोलायचं त्याची दोन विनम्र वाक्यं पाठ केली.

१३ फेब्रुवारी, संध्याकाळी सहा
लेक आली. वाक्यं वापरता आली नाहीत.
तिने आधी दोन्ही बाजू धरून ओढल्या. मग पाय लावून ओढल्या. मग खाली बसली. म्हणाली, बाबा, हा मधोमध उघडायला हवा. पेशीत तो असाच उघडतो आणि प्रत्येक अर्ध्यावरून दुसरा अर्धा नव्याने तयार होतो. ए समोर टीच येणार, जी समोर सीच. तेच तर मला उघडून दाखवायचं होतं. मी म्हटलं, सैल सांध्याने गिऱ्हाईक पडतं. ती म्हणाली, यावर कोणी चढत नाही बाबा.
डोळे भरले होते तिचे. मला फार वाईट वाटलं. स्क्रू काढायला गेलो तर सरसाने लाकूडच फाटलं. सरस उत्तम प्रतीचा आहे.

१४ फेब्रुवारी
हिने टेबलाखालचा कागद काढून वाचला म्हणे. सकाळी मशीनवर बसली आणि दुपारपर्यंत दोन लांब पट्ट्या शिवल्या. त्यांवर चार रंगांचे कापडी तुकडे, मोठ्यासमोर लहान. ए-टीला दोन टिचबटणं, जी-सीला तीन. चुकीची जोडी लागतच नाही. ओढलं की टकटक उघडतं, दाबलं की बसतं. लेक हिच्या गळ्यात पडली. शिवणकाम ठीक आहे. वजन नाही त्यात.

१५ फेब्रुवारी, शनिवार
प्रदर्शन. हिचा डीएनए टांगलेला होता. मुलं उघडत होती, लावत होती. मॅडमनी स्वतः तीनदा उघडला. लेकीला म्हणाल्या, सोमवारी ऑफिसात या, कायमचं पत्र तयार ठेवते. देव पावला.
लेकीने शेजारी माझं मॉडेलही आणून ठेवलं होतं. आणि सगळ्यात जास्त गर्दी त्याच्याभोवती! मी जरा बाजूला, सहज दिसेन असा उभा राहिलो. मग चष्मा लावून त्यावरची लेकीच्या अक्षरातली पाटी वाचली. 'डीएनए असा असता तर आपल्यापैकी कोणीही जन्माला आलं नसतं.'
मॅडमनी विचारलं, हे कोणी बनवलं? मला वाटलं, लेक माझं नाव काही घेणार नाही. पण तिने सरळ माझ्याकडे बोट केलं. म्हणाली, माझ्या बाबांनी. माझा अर्धा डीएनए त्यांच्याकडून आलाय, म्हणून मी प्रत्येक काम दोनदा तपासते.
सगळे हसले. मीही हसलो. घरी येताना हिला विचारलं, हे कौतुकच ना गं?
ही म्हणाली, अर्धं.