मामानं जेवायला यायची रीत

मौजे वाडी, तालुका जत,
जिल्हा सांगली (पूर्वीचा दक्षिण सातारा),
चैत्र, सन १९६४

तीर्थरूप धोंडीबा मामा यांच्या पायांवर डोकं ठेवून (पाय साताऱ्यात असल्यामुळं तूर्त मनातल्या मनात) भाचा अर्जुना याचा नमस्कार. इकडं आई, मी, मेंढरं आणि कुत्रं अशी सगळी बिरोबाच्या कृपेनं खुशाल आहोत. तुमची फौजेतली जुनी खोकल्याची खोड गेली का ते कळवावं. मामींच्या गुडघ्याला आईनं करंजीचं तेल सांगितलं होतं, ते चोळतात का नुसतं फळीवर ठेवलं आहे, तेही कळवावं. अंजनाही बरी असेलच. (तिचं नाव शेवटी आलं म्हणून मनात काही आणू नये. आधी वडीलधारी, मग बाकीचे, असं शाळेत शिकवलं होतं.) पूर्वी आपला जिल्हा दक्षिण सातारा होता तेव्हा निदान कागदावर तरी आपण एका घरचे होतो. सरकारनं त्याचं सांगली केलं आणि तेव्हापासून तुम्ही परमुलखातले असल्यासारखे वागता, असं आईचं म्हणणं आहे. मी तिला समजावलं की कोर्टातल्या पट्टेवाल्याला रजा मिळणं सोपं नसतं. त्यावर ती म्हणाली, लढाईतनं रजा मिळत हुती ती?

पंधरा दिवसांमागं शेजारची आक्काताई साताऱ्याहून आली. तिनं सांगितलं की रहिमतपूरचे पाहुणे अंजनाला बघून गेले, मुलगा गुळाच्या आडतीवर दिवाणजी आहे, पायात बूट घालतो, आणि अक्षय तृतीयेला तुम्ही त्यांना शब्द देणार आहात. ऐकून आनंद झाला. गुळाच्या आडतीवर मुंग्या फार असतात एवढंच मला माहीत आहे, बाकी मुलगा चांगलाच असेल. हे पत्र मी त्यासाठी लिहीत नाही हे आधीच सांगून ठेवतो. पत्र लिहिण्याचं कारण म्हणजे आमच्याकडं पुण्याहून एक साहेब आले होते, आणि त्यांच्यामुळं वाडीत जे झालं ते तुम्हांला कळवणं माझं काम आहे.

साहेब म्हणजे कॉलेजात शिकवणारे, अंगानं काडी, डोळ्यांना चष्मा, गळ्यात फोटोचं यंत्र. माणसांच्या जातीजमाती, त्यांची लग्नं, सोयरिकी, देवदेव यांचा अभ्यास करून ते पुस्तक लिहिणार आहेत. पण हे आम्हांला नंतर कळलं. जतच्या गाडीतून उतरून ते वाडीकडं येताना दिसले तेव्हा कुणी म्हणालं, मेंढरांवर पट्टी बसवायला आलाय. लगेच सगळी मेंढरं ओघळीत नेऊन दडवली. मग कुणी म्हणालं, न्हाई, हा कुटुंबनियोजनवाला. मग काही बापई माणसंही ओघळीत जाऊन बसली. साहेबांनी पारावर बसून विचारलं, तुमच्याकडं मेंढ्या किती? सगळ्यांत जाणते म्हणून धुळातात्या पुढं झाले आणि म्हणाले, मेंढरं कसली सायेब, दुस्काळात समदी गेली. तेवढ्यात ओघळीतून सगळी मेंढरं एका सुरात ओरडली. साहेबांनी मान खाली घालून काहीतरी लिहिलं. आजही मला वाटतं, आमच्याबद्दल त्यांनी लिहिलेली पहिली ओळ तीच असणार.

पण साहेब माणूस लाख. कुणाच्याही घरी बसत, ताटात पडेल ते खात, आणि हातातला घास तोंडात जायच्या आत विचारत, याची रीत काय? म्हणून त्यांचं नावच रीतवाले साहेब पडलं. त्यांची पुणेरी बोली म्हाताऱ्यांना कळेना आणि आमच्या म्हाताऱ्या निम्म्या कानडीत बोलतात ते त्यांना कळेना, म्हणून मधे बोलायला मला घेतलं. (मॅट्रिकला मी गणितात गेलो, भाषेत नाही, हे तुम्ही विसरला नसालच. रहिमतपूरकरांना सांगताना मात्र नुसतं मॅट्रिकपर्यंत शिकला एवढंच सांगावं.) धुळातात्यांच्या डोक्यात गळू झालं होतं म्हणून ते संध्याकाळी पटका काढून बसत. साहेबांनी लिहिलं, वृद्ध पुरुष सूर्यास्ताला उघड्या डोक्यानं बसतात. मी गळू दाखवलं तेव्हा त्यांनी खोडलं, पण जरा नाराजीनं. तात्या गुरगुरत कानडीत काहीतरी म्हणाले. अर्थ विचारल्यावर मी सांगितलं की आशीर्वाद देताहेत.

आमच्या बायकाही काही कमी नाहीत. तात्यांची बहीण रंगूबाई, तिनं साहेबांनाच धरलं. लगीन झालंय का? नाही. एवढं वय झालं, का न्हाई? मामाला पोरगी न्हाई व्हय? साहेब म्हणाले, आहे, पण आमच्या घरात मामाची मुलगी करत नाहीत. सगळ्या बायकांनी एकमेकींकडं बघितलं. मग रंगूबाईनं फार मायेनं विचारलं, मग तुमच्यात मामा कशाला असतो? साहेबांनी तो प्रश्न वहीत उतरून घेतला. त्या दिवसापासून बायका त्यांच्या भाकरीवर जास्त लोणी घालू लागल्या.

आता मुख्य गोष्ट. आक्काताई तुमच्याकडची बातमी घेऊन आली, त्याच्या दुसऱ्याच दिवशी साहेब आमच्या दारात बसले होते. आई भाकरी थापत होती, शेजारीपाजारी जमली होती. साहेबांनी विचारलं, मामाच्या मुलीवर भाच्याचा हक्क, हे समजलं. पण मामानं मुलगी बाहेर दिली तर? बाहेर दिली तर दिली, हे उत्तर माझ्या ओठावर आलं होतं. पण आई परातीतून मान वर न करता म्हणाली, त्याची रीत हाय की. मामानं आदी भनीच्या दारात यायचं. येताना मेंढरू आनायचं. भनीच्या हातचं पोटभर जेवायचं. मग भाच्यानं म्हनायचं, मामा, पोरगी मोकळी. तवर पोरीला हळद लावत न्हाईत.

मामा, मी आपल्या माणसांत जन्मलो, वाढलो, पण ही रीत मी त्या दिवशी पहिल्यांदा ऐकली. तुम्ही वडील आहात, तुम्हांला ठाऊक असेलच. तेवढ्यात आईनं हातातला उंडा खाली ठेवला आणि म्हणाली, सांग की रं सायबाला. मी सांगितलं. साहेब भरभर लिहू लागले, आणि मग विचारलं, सगळीकडं असंच असतं? आता वाडीचा स्वभाव तुम्हांला माहीत आहे. आपल्याला रीत माहीत नाही असं चारचौघांत कोण म्हणणार? पहिली रंगूबाई म्हणाली, व्हय, आसंच. कुणी म्हणालं, मेंढरू काळं पाहिजे. कुणी म्हणालं, मामानं जेवताना पटका मांडीवर ठेवायचा. शेवटी साहेबांनी तात्यांकडं बघितलं. साहेब आल्या दिवसापासून तात्या जाणते म्हणून पुढं पुढं करत होते, त्यांना मागं फिरता येईना. ते म्हणाले, लय जुनी रीत. आमच्या आज्यापास्नं.

म्हणाले आणि अडकले. कारण तात्यांनी आपल्या धाकट्या पोरीची सोयरीक महिन्यामागंच बाहेर ठरवली होती, आणि बहीण रंगूबाई दोन घरं सोडून राहते, आणि एका एडक्यावरून दोघांचं बोलणं कधीचं बंद होतं. रंगूबाई सगळ्यांसमोर म्हणाली, मग हळदीच्या आदी येतोस न्हवं? साहेब पेन्सिल धरून बसलेले. तात्या दुसऱ्या दिवशी खांद्यावर काळं मेंढरू घेऊन बहिणीच्या दारात गेले. त्यांचा भाचा भाऊसो याचं लग्न होऊन त्याला पोरं झाली आहेत, पण रीत ती रीत. तात्या पटका मांडीवर घेऊन जेवले. रंगूबाई वाढत होती. दोघांच्याही डोळ्यांतून पाणी येत होतं. विचारलं तर तात्या म्हणाले, चटणी तिखट झालीया. मग भाऊसोनं एक पोर कडेवर आणि एक पोर धोतराला लोंबकळत असताना म्हटलं, मामा, पोरगी मोकळी. साहेबांनी फोटो काढला. पुढच्या आठवड्यात पलीकडच्या वस्तीवरही एक मामा असाच मेंढरू घेऊन गेला म्हणतात. आता तर रंगूबाई सांगते की तिच्या लग्नाच्या वेळी तिच्या बापानंही असंच केलं होतं, आणि तिला ते खरंच आठवतं.

साहेबांनी एकच प्रश्न असा विचारला की ज्याला वाडीत कुणाकडं रीत निघाली नाही. त्यांनी विचारलं, मामा, बहीण, भाचा, सगळ्यांचं बोलणं होतं, पण मुलीला कोण विचारतं? बायका हसल्या, मग पदर सारखे करू लागल्या. आई म्हणाली, इचारायचं आसतं हे आमाला कुनी सांगितलंच न्हाई, सायेब. मी ते वाक्य त्यांना समजावून सांगितलं नाही. त्यांना ते कळलं होतं.

जाताना त्यांना गाडीपर्यंत पोचवायला मी गेलो. राहवेना म्हणून विचारलं, साहेब, एखादी रीत नवीच निघाली असली तर पुस्तकात घालतात का? ते हसले आणि म्हणाले, अर्जुना, प्रत्येक रीत कुणीतरी एकदा पहिल्यांदा सांगितलेलीच असते. मी लिहिलंय की तुझ्या आईनं, तानुबाईंनी, सांगितली आणि धुळातात्यांच्या घरी मी डोळ्यांनी पाहिली. दोन्ही खरं आहे. मग माझ्या पाठीवर थाप मारून, साताऱ्याला पत्र टाकलंस का, असं विचारलं. मला नवल वाटलं, कारण साताऱ्याविषयी मी त्यांच्याजवळ एक अक्षरही बोललो नव्हतो. (अंजनाविषयी थोडंसं बोललो असेन.)

तर असं हे साहेबांचं प्रकरण. दुसरं विशेष काही नाही. मामींना नमस्कार, अंजनाला आशीर्वाद (मी वयानं मोठा आहे म्हणून, दुसरं काही नाही). खोकल्याला गूळ खाऊ नये, रहिमतपूरचा तर मुळीच नको.

आपला लाडका का नावडता ते आपणच ठरवावं असा भाचा,
अर्जुना

ता. क. रहिमतपूरकरांना शब्द देण्याआधी आपल्या रीतीप्रमाणं तुम्हांला इकडं यावं लागेल हे ध्यानात आलंच असेल. साताऱ्यात मेंढरू कुठं शोधणार, म्हणून ते मीच बाजूला काढून ठेवलं आहे. काळंच आहे. तुम्ही नुसतं गाडीतून उतरा, मी ते स्टँडवर तुमच्या हातात देईन आणि पुढं पळत घरी जाऊन दारात उभा राहीन.

दुसरा ता. क. मामा, आता सरळ लिहितो. मला अंजना पाहिजे. लहानपणी जत्रेला आली तेव्हा तिनं माझ्या कुत्र्याला स्वतःची भाकरी घातली होती, तेव्हापासून पाहिजे. पण पाण्याचं मी खोटं बोलणार नाही. तिला तिकडं नळ आहे आणि इकडं आमच्या विहिरीला खडक लागला आहे. खडकाखाली पाणी आहे असं पाणाड्या म्हणतो, पण तो सगळ्यांनाच तसं म्हणतो. म्हणून निघण्याआधी तिला विचारा. तुम्ही नका, मामींना विचारायला सांगा, तुमच्या फौजी आवाजाला ती कशालाही होच म्हणेल. हा प्रश्न विचारायची रीत आपल्यात नसली तर आपल्या घरापासून सुरू करू. तिनं नाही म्हटलं तर मी पोरगी मोकळी असं चारचौघांत म्हणेन, आवाज कापला तर चटणी तिखट होती म्हणेन, आणि तिच्या वरातीपुढं ढोलावर गजी नाचेन. पण तिचं नाही असलं तरी तुम्ही या. का ते खाली आई सांगते. ती बोलली तसं लिहिलं आहे, माझ्या पदरचं काही नाही.

तिसरा ता. क. धोंडू, मी तानी. ती रीत मीच काढली. भाकरी थापता थापता सुचली, खोटी हाय. आर्जुनाचा बाप गेला तवा तू आलातास, त्याच्यामागनं तुजं त्वांड दिसलं न्हाई. तुला कडंवर घिऊन मी मेंढरामागं हिंडलेली हाय. पोरगी द्यायची तर दे, न्हाई तर नगं देऊ, तुजी लेक हाय. हुलग्याचं माडगं करती, तुला आवडतंय तसं. रीत खोटी हाय, पर आता ती पुस्तकात गेलिया, तवा तुला जेवाय यावंच लागंल.