रेणुकेनंतरची तीज

नागपूर
दि. १० जून २०२५

ती. पुष्पाकाकीस,
जीवनचा सा. न. वि. वि.

फोनवर तू हो-नाही म्हणतेस आणि काकांच्या हातात फोन देतेस, म्हणून लिहितो. मी बरा आहे. याडीला सांग, तिच्या लेकाला आता भाकरी गोल करता येते.

सप्टेंबरमध्ये इथे माझ्या चित्रांचं प्रदर्शन आहे. विषय आपला तांडा. बाबुलालने तुझ्या रेणुकाला, तुझ्या लेकीला, ठार मारलं त्याला या श्रावणात सहा वर्षं होतील. त्याने काय केलं ते सगळ्यांनी छापलं. त्यानंतर तांड्याचं काय झालं, ते मला दाखवायचं आहे. मधोमध रेणुकाचा फोटो आणि भोवती तिजेच्या टोपल्या, गव्हाच्या रोपांसकट, असं मनात आहे. पोरी तीज पेरतील तेव्हा दोन-चार टोपल्या जास्त पेरायला सांगशील का? न्यायला मी येईन. फोटो मात्र तूच द्यायचा. तू नाही म्हणालीस तर यातलं काहीच मांडणार नाही.

तुझ्या दोन ओळींची वाट पाहणारा,
जीवन

तांडा, ता. पुसद
दि. २२ जून २०२५

चि. जीवन यास,
काकीचे अनेक आशीर्वाद.

पत्र मिळालं. भाकरीचं ऐकून तुझी याडी म्हणाली, फोटो धाड म्हणावं, मग मानीन. ह्यांचा गुडघा दुखतो, बाकी ठीक.

तू दिवाळीला येतोस, श्रावणात येत नाहीस, म्हणून तुला ठाऊक नाही. आपल्या तांड्यात आता तीज पेरत नाहीत. त्या वर्षापासून बंद आहे.

रेणुका गेली तेव्हा तीज अर्ध्यावर होती. लग्न न झालेल्या पोरी गाणी म्हणत विहिरीवर जातात आणि पाणी आणून गव्हाला घालतात, हे तू पाहिलंच आहेस. रेणुका थोडी मागे राहिली. तिने लग्नाला नकार दिला याचा राग धरून बसलेल्या बाबुलालने तिला त्या वाटेवर गाठलं. टोपल्या रीतीप्रमाणे तांड्याच्या प्रमुखाच्या, लालसिंग नायकाच्या दारातल्या मांडवात होत्या. बाबुलाल नायकाचाच पुतण्या, त्याच घरात वाढलेला. पोलिसांनी तिकडे कोणाला जाऊ दिलं नाही. गहू तिथेच वाळला.

तीज पेरायची तर पोरींनी नायकाच्या दारी जाऊन परवानगी मागायची असते. त्या दारी कोणतीही आई पोरीला पाठवत नाही. आणि मागितल्याशिवाय नायक देऊ शकत नाही. त्याने पुतण्याविरुद्ध कोर्टात साक्ष दिली. तरी तेव्हापासून तो कोणाच्या ओट्यावर बसलेला मी पाहिला नाही. तेव्हाच्या लहान पोरी एकही तीज न पेरता सासरी चालल्या आहेत. पाहुणे सोयरिकीला आले की आधी विचारतात, तोच का हा तांडा.

फोटो देणार नाही. मागे मोबाईलवर दाखवणारे लोक आले होते. त्यांनी कुठल्याशा मुलीला रेणुका केलं आणि त्याच वाटेवर पडायला लावलं. नीट जमलं नाही म्हणून पुन्हा पडायला लावलं. ती उठून कपडे झटकत हसत होती. तिचा दोष नाही. पण आता मी रेणुकाचा चेहरा आठवायला गेले की मधे ती मुलगी येते.

वेळेवर जेवत जा. राग मानू नकोस.
काकी

नागपूर
दि. ३ जुलै २०२५

ती. काकीस,
सा. न. वि. वि.

फोटो नको. गहूही नको, टोपल्या रिकाम्याच ठेवतो. माझा मित्र अनिकेत म्हणाला, तांडा तुझा आणि तीज बंद असल्याचं तुला आत्ता कळतं?

एकच विचारतो. तिचं नाव लिहू का? इथे कोणालाही सांगितलं की सगळे बाबुलालचंच विचारतात, कसा सापडला, शिक्षा किती झाली. तिचं नाव कोणी विचारत नाही. तेही नसेल तर हे प्रदर्शन पुन्हा त्याचंच होईल.

काकांच्या गुडघ्याला शेक देत जा.
तुझा जीवन

तांडा, ता. पुसद
दि. १७ ऑगस्ट २०२५

चि. जीवन यास,
काकीचे अनेक आशीर्वाद.

उत्तराला उशीर झाला. काय लिहावं ते सुचत नव्हतं. मग श्रावण लागला. रामलालची पोरगी लग्नाची झाली आहे. ती मला म्हणाली, काकी, तीज कशी असते ते मले मोबाईलवरच दिसते, आपल्या इथं काहून नाही. तिला आणि आणखी तिघींना घेऊन मी नायकाच्या दारी गेले. मागायचं पोरींनी असतं, पण कसं मागायचं ते त्यांना येत नव्हतं. मीच मागितलं. लालसिंग बायकोला मांडवाचं बघ म्हणाला आणि आत निघून गेला.

गाणी आता मानीबाईलाच येतात, म्हणजे नायकाच्या बायकोला. बाबुलालला तिनेच वाढवलं. ती सांगायची, पोरी म्हणायच्या. मी बसले नाही, खांबाशी उभी राहिले. एके ठिकाणी ती अडली, म्हणाली, मले पुढचं आठवून नाही राह्यलं. रेणुका ते घरभर म्हणायची. पुढची ओळ मी उभ्यानेच सांगितली. मानीबाईने माझ्याकडे पाहिलं नाही.

नाव लिही. पूर्ण लिही, रेणुका रूपसिंग राठोड. त्याचं लिहू नकोस. मी पाहायला येणार नाही, तेवढा आग्रह करू नकोस.

गहू चांगला उगवला. काल पोरींनी भावांच्या टोपीत रोपं खोवली आणि बाकीची ओढ्यात सोडली. पण विहिरीवर एकीच्याही आईने पोरीला पाठवलं नाही. मीही कोणाला पाठवा म्हटलं नाही. नायकाच्या दारातल्या नळाला बादली लावायची आणि ती भरेपर्यंत पोरींनी तिथेच उभं राहून विहिरीच्या वाटेवरचं गाणं म्हणायचं, असं चाललं. बादली लवकर भरते. गाणं मोठं आहे. रोज ते मधेच थांबायचं. तुला हे दाखवता आलं तर दाखव.

आहे तशीच माया असू दे.
तुझी काकी,
पुष्पा