गॅलरीच्या कानात

९ नोव्हेंबर
रेडिओवरचा माझा पहिला सामना झाला! व्हर्लिन गेली तीस वर्षं या कॉलेजच्या बास्केटबॉल सामन्यांचं समालोचन करतोय. त्यानं ओळख करून दिली, "सहा फूट नऊ इंच, माजी व्यावसायिक खेळाडू, आपला रॉस्को लँगफर्ड." मी माइकवरच दुरुस्ती केली — साडेआठ! "अर्ध्या इंचानं कुणाचं काय बिघडतंय रे?" म्हणे. माझं बिघडतं.

समालोचन मला कुणी शिकवलं नाही. गॅरेजमध्ये टीव्हीचा आवाज बंद करून बोलायचो, टेप करायचो, मग स्वतःच्याच चुका काढायचो. बायको — जेनेवा — म्हणायची, "नवरा मिळाला तोही गाडीशी गप्पा मारणारा!"

मला हवी आहे ती खुर्ची मात्र खाली, मैदानाच्या कडेला आहे. कोचच्या शेजारची, सहायकाची. रिकामीच पडलीय. कोच हॅस्केट कुणाला विचारतच नाही.

२३ नोव्हेंबर
घोळ! इथल्या लोकांची जुनी सवय — डोळे मैदानावर, कानात रेडिओ. हे मला ठाऊक होतं. पण पाहुणे आपल्या पोरांना चुकवून थेट बास्केटखाली घुसायला लागले आणि माझ्यानं राहवेना. "माणसामागे कसले पळता? आपापली जागा धरा. झोन लावा!" माझं वाक्य संपतंय तोवर अख्खी गॅलरी उभी — "झोन! झोन!" पोरं बावरली. दोघांनी झोन लावला, तिघांनी नाही. हरलो.

हॅस्केट लंगडत जिना चढून वर आला. "लँगफर्डसाहेब, संघ तुम्हीच चालवता का?"

हो म्हणायचं होतं. "नाही, कोच," म्हणालो. आता कसली खाली जागा!

२४ नोव्हेंबर
जेनेवा: "बोललास ते बरोबर होतं ना?" बरोबरच होतं. "मग तोंड पाडून काय बसलायस? मक्याचा ब्रेड खा." खाल्ला. उरलेला सगळा.

७ डिसेंबर
जीभ आवरून समालोचन. स्कोअर, फाउल, बाहेरचा बर्फ. व्हर्लिननं विचारलं, "बरं नाही का रे?"

शेवटचं मिनिट. एका गुणानं मागे. हॅस्केटनं टाइमआउट घेतला आणि थेट वर, माझ्याकडे पाहिलं. दोन्ही हात पसरले — बोल की!

बोललो. "त्यांचा चार नंबर चेंडूकडेच बघत राहतो. त्याच्या पाठीमागून आत शिरा." गॅलरी गरजली, "चार नंबर! पाठीमागून!" चार नंबरनंही ऐकलं, भेदरून मागे वळला — आणि आमचा पोरगा पुढून शिरला. जिंकलो!

"गावभर ओरडून निरोप धाडू नकोस," हॅस्केट नंतर म्हणाला. "सोमवारपासून खाली ये. माझ्या एकट्याच्या कानात बोल."

१० डिसेंबर
सहायक कोच! जेनेवानं सुटाच्या बाह्या उसवून लांब केल्या. तरी आखूडच.

४ मार्च
हॅस्केटच्या खुब्याचं ऑपरेशन ठरलं. "डॉक्टर म्हणतो, कडेला उभं राहून नाचणं बंद. पुढच्या हंगामापासून संघ तुझा. कॉलेजशी बोललोय." मी म्हटलं, तुम्ही आता आराम करा, कोच. "त्याचा सराव नाही रे मला."

घराच्या दारात पोहोचेपर्यंत कसाबसा धीर धरला. मग जेनेवाला उचलूनच घेतलं.

८ नोव्हेंबर
मुख्य कोच म्हणून पहिला सामना. नवा सूट, बाह्या बरोबर मनगटापर्यंत. खेळ जेमतेम सुरू झाला आणि अख्खी गॅलरी उभी — "टाइमआउट घे, रॉस्को!"

वर पाहिलं. व्हर्लिनशेजारी, माझ्या खुर्चीत, पाय लांब करून, माइक तोंडाशी धरून — हॅस्केट!

मी लक्ष दिलं नाही. पाहुण्यांनी आणखी दोन बास्केट टाकले. मग घेतला टाइमआउट.