मळका कोट

हल बंदर, रविवार

आई,

सिनेमातलं माझं काम एवढंच होतं, धक्क्यावर उभं राहून निघालेल्या बोटीला हात करायचा. नऊ वर्षांची होते. अभिनयाचा गंधही नव्हता. डायरेक्टरला शाळेत माझे पडलेले दात आवडले, बस.

"हात कर गं पोरी!" तो ओरडला. मी हात खिशात घातले. मासेमारीला निघालेल्या माणसाला आपल्यात कोणी हात करतं का? अपशकुन तो.

"अगं, तुझ्या बापाची बोट आहे का ती?" सगळे हसले.

होती, आई. बाबा त्याच बोटीवर होते. पण एवढ्या लोकांत माझी जीभ रेटेना. तो तिसऱ्यांदा ओरडल्यावर मी हात केला. बाबांनी आधी मान फिरवली, मग त्यांनीही केला.

बोट परत आली नाही. तुला मी खोटंच सांगितलं, की बाबांची बोट निघून गेल्यावर शूटिंग झालं. तू तो सिनेमा कधी पाहिला नाहीस, मला पुन्हा कॅमेऱ्यासमोर जाऊ दिलं नाहीस. मला वाटायचं, तुला कळलंय, म्हणूनच तू माझ्याशी धड बोलत नाहीस.

काल तुला पुरून आलो. चहा ओतताना शेजारच्या एडनाकाकू म्हणाल्या, "नवरा समुद्रावर निघाला त्या दिवशी कपडे धुवायचे नसतात, माणूस वाहून जातो. तुझ्या आईनं धुतला. तुझा फ्रॉक गं, शूटिंगसाठी. चाळीस वर्षं तुझ्याकडे बघवत नव्हतं तिला."

आई, तो फ्रॉक सिनेमात कुठे दिसतच नाही. त्यांना गरिबाची पोर हवी होती. वरून मळका कोट चढवला होता.

तुझी,
ॲव्रिल