बेचाळिसावी नोंद

४ मार्च

ती. दादास,
सा. न.

नानांचं काही खरं नाही. डॉक्टर म्हणाले, फार तर तीन आठवडे. कुणाला बोलवायचं असेल तर बोलावून घ्या. म्हणून लिहितेय. तू ये.

त्यांच्या पलंगाखाली बुटांची अकरा खोकी निघाली, कार्डांनी गच्च भरलेली. छापखान्यात जन्मभर दुसऱ्यांच्या पुस्तकांच्या सूच्या केल्या, निवृत्तीनंतरही खोड गेली नाही. खोक्यांवर 'कॉन्कॉर्डन्स' लिहिलंय. म्हणजे काय रे? मी विचारलं तर म्हणाले, तुझ्या प्राध्यापक भावाला विचार. खोक्यांना हात लावू देत नाहीत.

लोभ असू दे, आणि तिकीट काढ.

तुझी चिमी


११ मार्च

चि. चिमीस,
अ. आ.

शेंडेफळा, एवढं येत नाही? ग्रंथातला प्रत्येक शब्द कुठे कुठे आलाय, त्याची जंत्री म्हणजे कॉन्कॉर्डन्स. मूळ लॅटिन. 'कॉन' म्हणजे एकत्र, 'कॉर' म्हणजे हृदय. मनं जुळणं, असा मूळ अर्थ. विखुरलेल्या जागा जुळवून दाखवते, म्हणून सूचीला ते नाव. नाना कुठल्या ग्रंथाच्या मागे लागलेत ते कळव.

इथे परीक्षा चालू आहेत. पेपर तपासून झाले की येतो. नानांना सांग.

माया आहेच, रागावू नकोस.

दादा


१९ मार्च

ती. दादास,
सा. न.

तुझं पत्र सोळाला आलं. नानांना वाचून दाखवलं. 'येतो'पाशी त्यांनी हात वर करून मला थांबवलं आणि नववं खोकं काढायला लावलं. तेव्हा कळलं. ग्रंथ म्हणजे तुझी पत्रं, दादा. एकोणीस वर्षांची सगळी. 'बर्फ' कुठल्या तारखेला, कितव्या ओळीत. 'खोकला' कुठे, 'चिमी' कुठे. 'येतो'चं कार्ड दोन्ही बाजूंनी भरलेलं, एकेचाळीस नोंदी. त्यांना पेन धरवेना, म्हणून कडेला बारीक अक्षरात बेचाळिसावी मी केली. तारीख बरोबर घातलीस ना, असं दोनदा विचारलं. मी चिडले, म्हटलं, कशाला लिहून ठेवता हे? म्हणाले, हवा तेव्हा सापडायला नको का.

काल दुपारी नाना गेले.

तुझ्यावर राग आहे, लपवत नाही. रडूही येतंय. खोकी मी जपून ठेवते, ती तुझीच आहेत. पण यापुढे पत्रात तो शब्द लिहू नकोस. कार्डावर जागा उरलेली नाही.

चिमी