पाचव्या पंगतीतलं विधेयक

गुणवंत भाऊजींना रंभाचा नमस्कार.

त्या सकाळी अंगणात सडा टाकून झाला होता, चुलीवर भात रटरटत होता आणि पोराचे, प्रफुलचे, चिखलानं भरलेले बूट मी चुलीजवळ वाळत लावत होते. तेवढ्यात तुमचा फोन आला की वहिनी, आपलं विधेयक शुक्रवारी लागलं, या नागपूरला. (तुमची तब्येत विचारायची राहिलीच. पोट कसं आहे? आमदारसाहेबांच्या कचेरीतला चहा कमी करा.)

जंगलाच्या कडेच्या गावांना शेतीची वीज दिवसा द्यावी, एवढंच त्या विधेयकात आहे. तुमचे दादा रात्रीच्या विजेवर मोटार लावायला गेले आणि त्यांना वाघानं नेलं, हे तुम्हाला मी काय सांगावं. आता त्याच मोटारीवर प्रफुल जातो. तो परत येऊन बूट काढतो, तेव्हा मी अंग टाकते.

सोबतीला रहमतबी आली. (सिंदेवाहीच्या बाजारात बांगड्या भरते ती. मी आता भरत नाही, तरी दर बाजाराला ती माझ्याजवळ येऊन बसते.) मोहाचे लाडू विधानभवनाच्या फाटकावर पोलिसांनी ठेवून घेतले. परत घेताना डबा हलका लागला, पण पोलीस पोरगा गोड हसला म्हणून बोलले नाही. वर गॅलरीत बसलो आणि मी कामकाजाचा कागद वाचला. जुन्या पेपरांवर वाचायला शिकले त्याचा हा उपयोग, की आपला नंबर पाचवा आहे हे सगळ्यांच्या आधी मला कळलं. सरकारनं न आणलेली, एकेकट्या आमदारांची विधेयकं शुक्रवारी, तीही शेवटच्या दोन-अडीच तासांत. भाऊजी, हे फोनवर सांगितलं असतं तर मी घरून जेवून निघाले असते.

आपल्याकडच्या लग्नात कोण कोणत्या पंगतीला बसेल हे मांडवात ठरत नाही, मागे चुलाण्यापाशी ठरतं. मांडवातला माणूस नुसता ‘बसा, बसा’ म्हणतो. पाचव्या पंगतीला पातळ रस्सा आणि वाढप्यांचे थकलेले चेहरे. इथंही तसंच. कोणतं काम कधी घ्यायचं, हे ठरवणारी सल्लागार समिती आत बसते, असं तुम्हीच म्हणालात. (समितीला चुलाणं म्हटलं, राग मानू नका.)

पहिल्याच विधेयकावर एक साहेब इतकं बोलले की रहमतबीची एक डुलकी झाली. दुसऱ्यावर गोंधळ झाला. तिनं डोळे उघडून विचारलं, “आपलं कवा येते वं, रंभा?” मी म्हटलं, “येऊन राह्यलं. बस चूप.”

मग एक जण उठून काहीतरी भराभर वाचून गेला. अध्यक्ष म्हणाले, अनुकूल असतील त्यांनी होय म्हणावं. खाली सगळे म्हणाले, होय. आपल्या ग्रामसभेत जो बसला त्याचं मत, ही सवय. मी हात वर केला. रहमतबीनं दोन्ही केले आणि मोठ्यानं “होय” म्हणाली. गॅलरीतल्या माणसानं येऊन आमचे हात हळूच खाली घेतले आणि कानाशी सांगितलं, “बाई, उरलेलं काम पुढच्या अधिवेशनात ढकललं आत्ता.”

म्हणजे आपलं विधेयक मागे सारायला आपल्याच घरचं मत, भाऊजी. तुम्ही खाली दाराशी कपाळाला हात लावून उभे होता, ते मला वरून दिसलं. रहमतबी बसमध्ये अर्ध्या वाटेपर्यंत हसली. नंतर तिनं माझा हात धरून ठेवला.

माझा कोणावर राग नाही. तब्येतीला जपा.

तुमची वहिनी,
रंभा

ता. क. राग थोडा आहे. ती समिती कोणत्या खोलीत बसते, तेवढं कळवा. पुढच्या वेळी गॅलरीचा पास नको, त्या खोलीच्या दाराबाहेर बसायचा द्या. लाडू मी स्वतः आत नेईन.

ता. क. दुसरं. पत्र टाकायचं राहून गेलं. नागपूरहून आल्यावर दुसऱ्या दिवशी वीज रात्रीचीच होती. मी तुमच्या दादांचा टॉर्च आणि वाघाला हुसकायला वाजवायची थाळी घेतली. प्रफुल नको म्हणत होता. त्याला माझ्या मागे ठेवलं आणि बांधावरून मी पुढे चालले.