आई विपश्यना करते

गुरुवार, ८ मे

"आई, तिथे जयभीम म्हणू नकोस."

हे ऐकायला मी अमरावतीहून सिंगापूरला आले!

जेवताना म्हणाला प्रकाश. आवाज मऊ, डोळे ताटात. रविवारी इथल्या मराठी लोकांची सहल आहे. मीनाक्षी म्हणून कुणी आहे, ती आणि तिचा नवरा श्रीराम अशा सहली काढतात. बुद्धपौर्णिमा आली म्हणून यावेळी थाई लोकांची बुद्धमंदिरं, थाई जेवण, थाई बाजार. सोबत गाइड. मला इतका आनंद झाला होता! म्हटलं, पांढरी साडी आणलीच आहे, तीच नेसते. तर म्हणतो, "पांढरी नको गं, उगाच... निळी नेस. नाही, निळी पण नको."

शेवटी आमसुली ठरली. माझ्या साडीचा रंग माझा मुलगा ठरवतो आता.

का, म्हणून विचारलं. तर म्हणे, "मधुराला अवघडल्यासारखं होतं. तिचं इथे सगळं सर्कल आहे. तिच्या आईबाबांनी एवढ्या मोठ्या मनाने—"

मोठ्या मनाने! माझा पोरगा पहिल्या वर्गात पास होणारा, बँकेत साहेब — त्याला जावई करून घ्यायला मोठं मन लागलं म्हणे! मधुरा तेव्हा आत नातीचा, श्रियाचा अभ्यास घेत होती. तोंडावर येऊन बोलली असती तर मान दिला असता तिला. नवऱ्याच्या तोंडून बोलते!

आणि हो, वऱ्हाडीही नको. "नेहमीचं मराठी बोल." मग मी बोलते ते काय असतं?

शनिवार, १० मे

श्रियाच्या दप्तरावर चिठ्ठी आहे. श्रिया प्रकाश. एवढंच. प्रकाशच्या ऑफिसच्या कार्डावर — प्रकाश संजीव. बापाचं नाव आहे, आडनावाला पाय फुटले.

"तायडे कुठे गेले?" मी विचारलं.

"इथे वडिलांचं नावच चालतं आई. सोपं पडतं."

सोपं! अख्खी नोकरी मी सरकारी दवाखान्यात काढली. सिस्टर तायडे, मग मेट्रन तायडे. नावाची पट्टी रोज छातीवर. माझ्या हातचं पाणी न पिणारे पेशंट पाहिले, मुद्दाम आडनाव दोनदा विचारणारे डॉक्टर पाहिले. पट्टी काढली नाही. आणि याला सोपं पडतं.

संध्याकाळी मधुरासोबत लिटिल इंडियात फुलं घ्यायला गेले. मोगरा निवडता निवडता ती म्हणाली, "आई, उद्या तिथे तुम्हाला—" मी तिथेच तोडलं. "कळलंय मला. प्रकाशने सांगितलंय सगळं." ती परत मोगरा निवडायला लागली. बरं झालं.

रविवार, ११ मे

राग उतरला नाही अजून. लिहून काढते, नाहीतर झोप लागायची नाही.

सेम्बावांग स्टेशनाजवळून मिनीबस निघाली. पंधरा-वीस माणसं. गाइड नोई नावाची थाई बाई, माझ्याच वयाची, इथेच लग्न होऊन आलेली. इंग्रजी सावकाश बोलते, सगळं कळलं. मीनाक्षी प्रत्येकाला खाकऱ्याची पुडी देत होती. श्रीराम मागच्या सीटवर, पण आवाज पुढच्या काचेपर्यंत.

पहिलं देऊळ रेसकोर्स रोडवरचं. केवढा तो बुद्ध बसलेला! मान वर करून पाहावं लागतं. मागे लहानशा दारातून वाकून गेलं की निजलेला बुद्ध. मी तिथे बसले जराशी. संजीव असते तर, असं वाटलं. मधुरा बाजूला येऊन बसली. मी उठले.

मग एका ठिकाणी चार तोंडांची सोनेरी मूर्ती. नोई म्हणाली, लोक याला चार तोंडांचा बुद्ध म्हणतात, पण हा ब्रह्मा. झालं! इतका वेळ मोबाइलवर बोटं फिरवणारे सगळे हात जोडून उभे! श्रीराम म्हणतो, "बघा, शेवटी आपलाच निघाला!"

बस निघाली आणि याचं सुरू. बुद्ध म्हणजे विष्णूचा नववा अवतार. बरं, हे आयुष्यभर ऐकलंय. पण मग म्हणाला — शब्द न् शब्द लिहिते — "इथे बघा किती शांत, किती स्वच्छ. नाहीतर आपल्याकडे! त्या लोकांनी बुद्धाला उचलला आणि चौकाचौकात निळे झेंडे आणि भोंगे. धर्म बदलला, सवलती मात्र जुन्याच!"

हसले सगळे.

प्रकाश हसला.

माझ्या पुढच्याच सीटवर होता. मोठ्याने नाही, पण हसला. खांदे हलले त्याचे. मधुरा उठून ड्रायव्हरजवळच्या रिकाम्या सीटवर जाऊन बसली. सासू शेजारी असल्याची लाज वाटली असणार. वाटू दे.

तोंड उघडणार नाही, असं प्रकाशला कबूल केलं होतं ना! दात आवळून बसले. खिडकीतून उड्डाणपूल, झाडं, उड्डाणपूल.

बुकित मेराहच्या थाई विहारात पोचलो. उद्याची तयारी चालली होती. माळा, दिवे, बाल-बुद्धाला पाणी घालायला पितळी परात. चप्पल काढून सगळे सतरंजीवर बसलो. भन्ते आले, म्हातारे, चष्मा नाकाच्या टोकावर. त्यांनी सुरू केलं तेव्हा आधी कळलंच नाही काय म्हणतात. पुत्थंग... सरणंग... आणि एकदम लखकन कळलं! अगं बाई, हे तर आपलंच! बुद्धं सरणं गच्छामि! आमच्या वस्तीतल्या विहारात गुडघ्याएवढी होते तेव्हापासून म्हणते मी हे. उच्चार त्यांचा, बाकी तेच. माझं तोंड माझं राहिलंच नाही. भन्तेंच्या मागोमाग म्हणायला लागले. मग पंचशील. पूर्ण. मोठ्याने. भन्तेंनी एकदा मान वर करून पाहिलं आणि वेग थोडा कमी केला, माझ्यासाठी.

म्हणून झालं.

नोई गुडघ्यांवर सरकत आली. "आंटी, यू आर बुद्धिस्ट?"

मी उत्तर द्यायच्या आत श्रीराम, "अरे वा काकू! विपश्यना वगैरे केलीय वाटतं?"

आणि माझा मुलगा — माझ्या पोटचा — बुद्धाच्या पुढ्यात बसून म्हणाला, "हो, आई विपश्यना करते."

मुसावादा वेरमणी म्हणून अजून ओठ वाळले नव्हते माझे! खोटं बोलणार नाही, असं आत्ताच म्हटलं होतं!

मी म्हणाले, "विपश्यना नाही. आम्ही बौद्ध. माझ्या वडिलांनी नागपूरला दीक्षा घेतली. त्याआधी आम्ही महार. मी विनीता तायडे, हा प्रकाश तायडे. ते निळे झेंडे आमचे. भोंगाही आमचाच."

आणि नोईला इंग्रजीतून, "येस. सिन्स बर्थ."

तिने माझे दोन्ही हात धरले. भन्तेंनी पांढरा दोरा दिला, तोही हातात नाही. बाईला हात लावत नाहीत म्हणे, कापडावर ठेवला, तो मी उचलायचा. त्याचाही राग आला! इथेही बाई बाजूला! आज कुणालाच सोडायचं नाही असं झालं होतं मला.

जेवायला थाई हॉटेलात लांब टेबल. माझ्या डावीकडची खुर्ची रिकामी, पुढची रिकामी. उजवीकडे नोई. तिने मला हिरव्या पपईचं कोशिंबिरीसारखं काहीतरी वाढलं. तिखट, आमच्या ठेच्याच्या तोडीचं. डोळ्यांतून पाणी आलं ते तिखटानेच.

श्रिया धावत आली. "आजी, you so fierce lah!" एवढंच बरं झालं आज.

सोमवार, १२ मे. बुद्धपौर्णिमा

आज इथे सुट्टी. सगळी घरी. पांढरी साडी नेसले.

प्रकाशशी भांडण झालं. दार लावून.

"काय मिळालं तुला?" तो म्हणाला. "इतक्या वर्षांत कुणी मला काही विचारलं नव्हतं. एका वाक्यात घालवलंस."

मी एवढंच विचारलं, "बसमध्ये काऊन हसला?"

"हसलो नसतो तर कळलं असतं त्यांना."

"मग कळलं असतं!"

"तुला नाही माहीत आई. पुण्याच्या हॉस्टेलवर काय काय ऐकलं, कधी सांगितलं नाही तुला. इथे मला फक्त प्रकाश राहायचं होतं." मग आवाज खाली, "आणि मधुराचं काय? तिने आता कुणाला तोंड दाखवायचं?"

पुन्हा मधुरा! हॉस्टेलचं ऐकून आत कुठेतरी तुटलं होतं माझं, पोराच्या पाठीवर हात ठेवणार होते. शेवटच्या वाक्याने तो हात मागे घेतला.

खीर केली होती. मधुराने वाटी घेतली, डोळे वर केले नाहीत.

मंगळवार, १३ मे

सहलीचे फोटो आले. सगळ्यांचे आहेत. माझं एका फोटोत कोपर आहे.

बुधवार, १४ मे

मीनाक्षीचा फोन. मधुराच्या मोबाइलवर, पण "काकूंना दे".

"काकू, वाईट वाटून घेऊ नका हं. श्रीरामचं बोलणंच तसं आहे. आम्ही असलं काही मानत नाही. माझ्या माहेरी कामाला यायच्या त्या बाई तुमच्यातल्याच होत्या. त्यांना आम्ही आमच्याच कपातून चहा द्यायचो."

कपातून!

मी म्हणाले, "उपकार झाले. त्या बाईंचं नाव काय होतं?"

आठवेना तिला. "त्या... आम्ही मावशीच म्हणायचो."

"नाव आठवलं की फोन कर," म्हटलं आणि ठेवला.

वळले तर मधुरा दारात. सगळं ऐकत होती. मोबाइल घेतला आणि खोलीत जाऊन दार लावलं. तिच्या मैत्रिणीला बोलले, ते झोंबलं.

बस. प्रकाशला सांगितलं, तिकीट अलीकडचं कर. नातीसाठी आले होते, नात फोनवर दिसते. जिथे माझं नाव पुसून टाकतात तिथे राहायचं नाही.

"बरं," म्हणाला. थांब म्हणाला नाही.

गुरुवार, १५ मे

मधुरा आज ऑफिसला गेली नाही. मी बॅग भरत होते. ती आत आली, जमिनीवर बसली आणि म्हणाली, "आई, मी मीनाक्षीशी बोलणं बंद केलंय. मला हे आधीच करायला हवं होतं. पण मला वाटायचं, तुम्हालाच नकोय."

"काय नकोय?"

"हेच सगळं. लग्नाआधीच प्रकाश म्हणाला होता, आईने फार सोसलंय, तिच्यासमोर जातीचा, बाबासाहेबांचा विषय काढायचा नाही, तिला त्रास होतो. मी हॉलमध्ये फोटो लावणार होते. नको म्हणाला, आई येईल तेव्हा रडेल. तायडे लिहू म्हटलं, तर म्हणाला, आईनेच सांगितलंय नको म्हणून."

मला सांगितलं, मधुराला नको. तिला सांगितलं, आईला नको.

ती रडत होती. मी जमिनीवर तिच्याशेजारी बसले. आठवडाभर हिच्यावर राग काढला मी. आता तो कुणाकडे न्यायचा ते कळतंय, आणि पाय उचलत नाहीत.

कुलपात चावी फिरली. मधुरा उठायला लागली. मी तिचा हात धरला. "बस. त्याला येऊ दे इथे."